टाचेवर टाच

मार्च जवळ आला की वर्तमानपत्रात एक मथळा ठरलेला असतो : ‘थकबाकीदारांच्या मालमत्तेवर टाच’. घरपट्टी थकवणाऱ्याला पालिका आधी बिल पाठवते, मग नोटीस, मग जप्तीची नोटीस. तरीही माणूस ढिम्म हलला नाही, की टाच आणते. आमच्या मीरा रोडच्या पेणकरपाड्यातल्या घराची पट्टी मी दरवर्षी सवलतीच्या मुदतीत भरतो आणि पावती फायलीला लावतो. त्यामुळे हा शब्द आपल्याला कधी लागू होईल असं वाटलं नव्हतं. झाला. तोही २६ जानेवारीला, सार्वजनिक सुट्टी असताना.

दहिसर चेकनाक्याच्या पलीकडचे लोक आम्हाला मुंबईबाहेरचे समजतात आणि आम्ही स्वतःला मुंबईकर समजतो. या वादाचा निकाल २६ जानेवारीला लागतो, कारण त्या दिवशीचा आमच्या सोसायटीचा कार्यक्रम गिरगावातल्या चाळीलाही शोभेल असा असतो. आठला झेंडावंदन, दहाला सत्यनारायण, दुपारी महाप्रसाद, संध्याकाळी हळदीकुंकू. आणि या सगळ्याच्या मध्ये, चार वाजता, विवाहित विरुद्ध अविवाहित क्रिकेट सामना. मैदान म्हणजे ए आणि बी विंगमधली मोकळी जागा. चेंडू टेनिसचा, स्टंप म्हणजे लाल प्लास्टिकची खुर्ची. उभ्या गाडीला चेंडू लागला तर आऊट. तळमजल्याच्या खिडकीत गेला तर आऊट, आणि काचेचे पैसे वेगळे.

मी विवाहितांचा तिसऱ्या क्रमांकाचा फलंदाज. वय ४६, वजन ७८ किलो, पोटात दोन वाट्या प्रसादाचा शिरा. व्यायाम म्हणाल तर रोजचा : शेअर रिक्षा गर्दीत अडकली की मीरा रोड स्टेशनच्या अलीकडेच उतरायचं आणि लोकलसाठी पुलावरून धावायचं. याला मी बरीच वर्षं ‘कार्डिओ’ म्हणत आलो होतो.

तिसऱ्या चेंडूला बॅट लागली. ‘चल’ असं मीच ओरडलो आणि मीच निघालो. दुसऱ्या पावलाला मागून कुणीतरी उजव्या टाचेच्या वर बॅट हाणली. फट्ट असा आवाज आला. मी पडता पडता मागे वळलो आणि म्हणालो, “कोण रे तो?” मागे लाल खुर्ची होती. खुर्चीवर कुणी नव्हतं आणि खुर्चीच्या मागे भिंत होती.

पुढे डॉक्टरांनी सांगितलं, की या दुखण्याचे बहुतेक रुग्ण असंच मागे वळून पाहतात. कुणाला लाथ बसल्यासारखं वाटतं, कुणाला दगड, परदेशात लोकांना गोळी लागल्यासारखं वाटतं. ज्याच्या त्याच्या शेजाऱ्यांवर अवलंबून असावं.

मी धावबाद झालो. अविवाहितांनी ते आधी जाहीर केलं, मगच मला उचललं.

पुढचा अर्धा तास मैदानातच माझ्यावर उपचार झाले. एक पक्ष म्हणाला, मुरगळलंय, आयोडेक्स चोळा. दुसरा म्हणाला, चोळायचं नाही, बर्फ लावा. हळदीकुंकवाच्या तयारीतून उठून आलेल्या काकूंनी आंबेहळद आणि रक्तचंदन उगाळून लेप लावायला सांगितला. सचिवांनी निदान केलं, “लिगामेंट गेलं.” आमच्याकडे गुडघ्यापासून खांद्यापर्यंत काहीही झालं तरी लिगामेंटच जातं. मला पायाची बोटं हलवता येत होती. लंगडत चारदोन पावलं टाकताही येत होती. त्यामुळे ‘काही नाही, दोन दिवसांत पळेल’ असा ठराव जवळजवळ मंजूर झाला होता.

तेवढ्यात पाड्यातल्या जुन्या घरातल्या आजी प्रसादाला आल्या. उमेदीची वर्षं मिठागरात गेलेली, वय नव्वदीच्या आसपास. त्यांनी वाकून माझ्या टाचेच्या वर अंगठा दाबला. जिथे दोरीसारखं काहीतरी ताठ लागायला हवं, तिथे त्यांचा अंगठा आत गेला. त्या म्हणाल्या, “घोरशीर गेली रं तुजी.” सगळे हसले. घोडशीर म्हणजे टाचेमागची ती जाड शीर, हे आमच्यापैकी एकालाही माहीत नव्हतं. त्या दिवशी झालेल्या अकरा निदानांपैकी बरोबर निघालं ते एवढंच.

डॉक्टरांनी एमआरआयच्या आधी एक साधी गोष्ट केली. मला पालथं झोपवलं, दोन्ही पावलं पलंगाच्या कडेबाहेर लोंबती ठेवली आणि डावी पोटरी हाताने दाबली. डाव्या पावलाने नमस्कार केल्यासारखी मान खाली घातली. मग उजवी पोटरी दाबली. पाऊल जागचं हललं नाही. पुन्हा दाबली. नाही. घरात दिव्याचं बटण दाबावं आणि वायर मध्येच तुटलेली असावी, तसं. बोटं हलतात, माणूस थोडा चालतोही, कारण पाऊल खाली दाबायला दुसरे छोटे स्नायू असतात. म्हणूनच ही दुखापत पहिल्या भेटीत हुकू शकते. त्यातून ‘मुरगळलंय’ म्हणून महिनाभर लेप लावत बसलं, तर तुटलेली टोकं लांब जातात आणि सोप्या इलाजाची वेळ टळते.

मग डॉक्टरांनी कागदावर चित्र काढलं. पोटरीचे दोन मोठे स्नायू खाली येता येता एक होतात. त्यांची मिळून जी दोरी टाचेच्या हाडाला जाऊन चिकटते, ती कंडरा. हाडाला हाड बांधतं ते लिगामेंट, स्नायूला हाडाशी बांधते ती कंडरा. ही सुमारे १५ सेंटीमीटर लांबीची, शरीरातली सगळ्यात जाड आणि दणकट. धावताना तिच्यावर अंगाच्या वजनाच्या सहा ते आठ पट ताण येतो. मी मनात ७८ ला सहाने गुणलं आणि शिऱ्याची दुसरी वाटी आठवली.

“एवढी दणकट, तर तुटली कशी?” मी विचारलं.

“टाचेच्या वर दोन ते सहा सेंटीमीटरच्या टापूत तिला रक्तपुरवठा बेताचा असतो. वय वाढलं की तिथे झीज होते, भरून यायला वेळ लागतो.” मीरा-भाईंदरकराला याहून जास्त समजावून सांगायला नको. लाइनच्या टोकाला पाणी कमी दाबानेच यायचं.

“आणि साधारण कोणाची तुटते?”

“तिशी ते पन्नाशी. बहुतेक पुरुष. आठवडाभर खुर्चीत, सुट्टीच्या दिवशी मैदानात.” डॉक्टर माझ्याकडे न बघता सांगत होते. बायको मात्र माझ्याकडेच बघत होती.

मग त्यांनी अचानक विचारलं, “गेल्या महिन्याभरात पोट बिघडलं होतं?” मी चाट पडलो. हे ज्योतिषी निघाले की काय! बिघडलं होतं, पाणीपुरीने. “गोळ्या घेतल्या?” घेतल्या होत्या. मेडिकलमधून, स्वतःच्या अधिकारात, पाच दिवस, सिप्रोफ्लॉक्सासिन. तेव्हा समजलं, की या कुळातल्या प्रतिजैविकांमुळे कंडरेला सूज येण्याचा आणि ती तुटण्याचा धोका वाढतो. अमेरिकेच्या औषध प्रशासनाने २००८ मध्येच त्यांच्यावर ठळक चौकटीत इशारा छापायला लावला आहे. साठीपुढच्यांना आणि स्टेरॉइड घेणाऱ्यांना हा धोका आणखी जास्त. माझी त्यामुळेच तुटली असं डॉक्टर म्हणाले नाहीत, पण संशयितांच्या यादीत गोळ्यांचं नाव घातलं. पाणीपुरीवाल्याचं घातलं नाही, हे त्याचं नशीब.

“सकाळी उठल्यावर पहिली दहा पावलं टाच आखडल्यासारखी वाटायची?” हाही प्रश्न बरोबर. गेलं वर्षभर वाटायची. चालल्यावर मोकळी व्हायची, म्हणून सोडून दिलं होतं.

इथे माझ्या डोक्यात प्रकाश पडला. ते पालिकेचं बिल होतं! वीस वर्षांची व्यायामाची थकबाकी. रोज सकाळी अंथरुणातून उतरताना नोटीस बजावली जात होती आणि मी ती न वाचता ऑफिसला पळत होतो. सगळ्यांनाच नोटीस येते असं नाही, बऱ्याच जणांची थेट जप्ती होते. मला आली होती. तरी मी भरणा केला नाही, आणि अखेर शरीराने माझ्या टाचेवर टाच आणली.

नोटीस आल्यावर काय करायचं, तेही पूर्वीच कुणीतरी शोधून ठेवलेलं. स्वीडनच्या हाकान आल्फ्रेडसन या अस्थिशल्यचिकित्सकाची कंडरा अशीच दुखत होती. सांगतात, की त्याने वरिष्ठांकडे ऑपरेशन मागितलं आणि वरिष्ठांनी नकार दिला. हा चिडला. म्हणाला, मग मीच व्यायामाने तोडतो, नंतर करावंच लागेल. पायरीच्या कडेवर चवड्यांनी उभं राहून टाच सावकाश खाली सोडण्याचा व्यायाम त्याने दुखत असतानाही रेटला. कंडरा तुटायचं राहिलं आणि दुखणंच गेलं. त्यावरचा त्याचा शोधनिबंध १९९८ चा. गुडघा सरळ ठेवून १५ वेळा असे तीन संच, गुडघा वाकवून तीन संच, दिवसातून दोनदा. म्हणजे रोज १८० वेळा, १२ आठवडे. साधन एकच : जिना. जगात हे एकच वैद्यकीय उपकरण असेल, जे लिफ्ट नसलेल्या आमच्या इमारतीत मुबलक आहे. पण ते दुखऱ्या कंडरेसाठी. तुटलेल्या कंडरेने पायरीवर असं काही करायचं नसतं. तिच्यासाठी हप्ते वेगळे.

घरी आल्यावर नववीतल्या मुलीने अकिलीसची गोष्ट सांगितली. या कंडरेला वैद्यकात त्याचंच नाव आहे. आईने त्याला अमर करायला स्टिक्स नदीत बुडवलं, पण टाच धरून. टाच कोरडी राहिली आणि तिथेच पुढे बाण लागला. होमरने ही टाचेची गोष्ट सांगितलेली नाही, ती पहिल्या शतकातल्या स्टेशियस या रोमन कवीपाशी सापडते. कंडरेला अकिलीसचं नाव दिलं फिलिप फेर्हेयन या फ्लेमिश शरीरशास्त्रज्ञाने, १६९३ मध्ये. गोष्ट ऐकून माझी आई एवढंच म्हणाली, “हात बदलून पुन्हा बुडवायचं सुचलं नाही होय तिला?” मुद्दा रास्त होता. मराठी आई दिवाळीच्या पहिल्या आंघोळीला मुलाच्या टाचा वजरीने घासल्याशिवाय त्याला मोरीबाहेर सोडत नाही. टाच कोरडी राहण्याचा प्रश्नच नाही. आपल्याकडे दुर्योधनाची मांडी कच्ची राहिली, कृष्णाच्या तळव्याला व्याधाचा बाण लागला, पण टाचेच्या बाबतीत आपल्या आयांनी हयगय केल्याची नोंद नाही.

आता प्रश्न : ऑपरेशन की प्लास्टर? घरात लगेच दोन पक्ष पडले. ऑपरेशनवाल्यांचं म्हणणं, दोरी तुटली तर शिवायलाच हवी. प्लास्टरवाल्यांचं म्हणणं, फुकटची चिरफाड कशाला. डॉक्टरांनी नॉर्वेतला २०२२ चा अभ्यास सांगितला. तिथे रुग्णांना चिठ्ठ्या टाकल्यासारखं तीन गटांत वाटलं होतं : मोठा छेद, छोटा छेद आणि छेदच नाही. असे ५२६ जण वर्षभराने तपासले, तर चालण्या-वावरण्यात तिन्ही गट सारखेच. फरक जोखमीत. ऑपरेशनशिवायच्या गटात कंडरा पुन्हा तुटण्याचं प्रमाण १०० मागे ६.२, ऑपरेशनच्या गटांत ०.६. उलट ऑपरेशनमध्ये आसपासच्या नसेला इजा होण्याचं प्रमाण जास्त. थोडक्यात, कुठलाही घ्या, हप्ते चुकवता येणार नाहीत. मी रणजी खेळणार नव्हतो आणि त्याच दिवशी डॉक्टरांकडे पोचलो होतो. आम्ही प्लास्टर घेतलं.

पहिले दोन आठवडे पाऊल खाली वळवून, नर्तकीसारखं चवड्यावर धरून प्लास्टरमध्ये. मग बूट. हा बूट बुटाच्या दुकानात मिळत नाही. गुडघ्याखालपर्यंत येणारा, पट्ट्यापट्ट्यांचा, आत टाचेखाली पाचरी घातलेला. ठरावीक दिवसांनी एकेक पाचर काढायची आणि टाच हळूहळू जमिनीवर आणायची. बुटाचा तळवा इतका जाड, की उजवा पाय उंच आणि डावा ठेंगणा. कंबर धरली. मग डाव्या पायात बायकोची जाड तळव्याची चप्पल घालून हिशेब जुळवला. त्या काळात सोसायटीत मला ओळखत नाही असं कुणी उरलं नाही.

पण खरी परीक्षा जिन्याची. आम्ही तिसऱ्या मजल्यावर. कुबड्यांवर जिना चढायला धीर होईना. शेवटी एक पद्धत बसली. पायरीवर पाठमोरं बसायचं, उजवा पाय पुढे तरंगता ठेवायचा, दोन्ही हात मागच्या पायरीवर टेकायचे आणि बूड वर उचलायचं. एक पायरी. घरापर्यंत अशा ५४. बारा वर्षं या इमारतीत राहून जे कळलं नव्हतं ते या ५४ पायऱ्यांवर कळलं, कारण डोळे चपलांच्या कपाटांच्या उंचीवर आले होते. पहिल्या मजल्यावरच्या साहेबांचे बूट रोज पॉलिश होतात, पण टाचा आतल्या बाजूने झिजलेल्या. दुसऱ्या मजल्यावर ‘वेलकम’ लिहिलेलं पायपुसणं उलटं टाकलेलं, म्हणजे स्वागत आतल्यांचंच. आणि अकराव्या पायरीचा कोपरा फुटलेला आहे. तीन वार्षिक सभांत सचिवांनी तो दुरुस्त झाल्याचं सांगितलं होतं. मी त्यावर बसून खात्री केली आहे.

आंघोळ स्टुलावर बसून, पाय प्लास्टिकच्या पिशवीत. उकिडवं बसणं बंद, कारण त्यात कंडरा सगळ्यात जास्त ताणली जाते. घरात कमोड आहे हे वैभव मला त्या दिवसांत प्रथम जाणवलं. पाय पडून राहिला की पोटरीच्या रक्तवाहिनीत गाठ होऊ शकते, म्हणून डॉक्टरांनी बजावलं होतं : पोटरी दुखून सुजली किंवा धाप लागली, तर लेप-बिप न लावता तडक यायचं. गुढीपाडव्याला मी खुर्चीत बसून सूचना केल्या आणि गुढी बायकोने उभारली. दरवर्षीपेक्षा सरळ उभी राहिली.

एप्रिलमध्ये बूट उतरला. आत जो पाय निघाला तो माझा नव्हता. पोटरीच्या जागी काकडी होती. फिजिओथेरपिस्ट मुलगी म्हणाली, “काका, दोन्ही पायांवर उभं राहून टाचा उचला.” ‘काका’ जास्त दुखलं. मी मेंदूतून आदेश काढला. डाव्या पोटरीने तात्काळ अंमलबजावणी केली, उजवीने फाइल दाबून ठेवली. रोज दोन वेळा मी आदेश काढत राहिलो. तीन आठवड्यांनी फाइल अर्धा इंच हलली.

या काळात भेटायला येणारा प्रत्येक जण एकच प्रश्न विचारायचा : “अजून नाही बरं झालं?” मग मी मोहम्मद शमीचं नाव घ्यायचो. २०२३ च्या विश्वचषकानंतर याच कंडरेच्या दुखण्यापायी फेब्रुवारी २०२४ मध्ये त्याचं ऑपरेशन झालं. भारताकडून तो पुन्हा खेळला तो २८ जानेवारी २०२५ ला, राजकोटला. मध्ये गुडघा सुजला तो वेगळा. त्याच्या दिमतीला क्रिकेट बोर्डाचा ताफा होता, माझ्या दिमतीला नववीतली मुलगी आणि एक रबरी पट्टा. कोबी ब्रायंटची गोष्टही सांगायचो. १२ एप्रिल २०१३ ला बास्केटबॉलच्या सामन्यात त्याची कंडरा तुटली, तरी त्याने आधी दोन फ्री थ्रो टाकले, दोन्ही आत घातले आणि मग चालत बाहेर गेला. यावर शेजारी म्हणाले, “आणि तुम्ही एक रन पुरी केली नाहीत.”

शिक्षा दुखण्याची कमी आणि वाट बघण्याची जास्त. चेकनाक्याच्या वाहतूक कोंडीत अडकलेला रिक्षावाला हॉर्न वाजवत बसतो, तसा मी दर भेटीत ‘धावायचं कधी?’ विचारायचो. हॉर्नने कोंडी सुटत नाही आणि कंडराही जुळत नाही. जुळलेली दोरी पहिले काही महिने कच्ची असते. ‘आता बरं वाटतंय’ म्हणून बसमागे पळालेल्या माणसाचीच ती पुन्हा तुटते. पालिका निदान कधीमधी अभय योजना काढते आणि दंड-व्याज माफ करते. शरीराकडे तशी योजना नाही. हप्ते मात्र बांधून मिळतात, आणि ते १५-१५ च्या संचात रोज भरावे लागतात.

पावसाळ्यात मी खड्डे मोजत चाललो. गणपतीत आरतीला पूर्ण वेळ उभा राहिलो. दसऱ्याला दाराला तोरण लावताना वरचा खिळा हाताला येईना, म्हणून नकळत चवड्यावर उंच झालो, आणि मग लक्षात आलं की डावा पाय स्टुलावर होता. उजव्या एकट्याने मला उचललं होतं. मी तोरण हातात धरून घरात सगळ्यांना बोलावलं. पुन्हा करून दाखवायला गेलो तर जमलं नाही. तिसऱ्या वेळी जमलं. त्या पोटरीत थोडी ताकद कायमची कमी राहील, असं डॉक्टरांनी सांगितलंय. घरपट्टीतही मागचं सगळं कुठे परत मिळतं!

यंदाच्या २६ जानेवारीला मला पंच केलं. सामना सुरू व्हायच्या आधी मी दोन्ही संघांना जिन्याच्या पायऱ्यांवर रांगेत उभं केलं आणि टाचा खाली-वर करायला लावल्या, १५ चे तीन संच. आजी खुर्ची टाकून बघायला बसल्या होत्या. अविवाहित हसत होते. विवाहितांपैकी कुणी हसलं नाही.

विवाहित अकरा धावांनी हरले. पण प्रसाद खाऊन सगळे आपापल्या पायांनी घरी गेले.